दुहेरी शिवणीची गोणी

ता. ९ फेब्रुवारी, मंगळवार

दादा,

नमस्कार. सवय आहे म्हणून लिहिला.

वहिनीची पाठ कशी आहे? तुझी लेक सासरी रुळली का? आमच्याकडे सगळं ठीक. आमच्या रेशनच्या दुकानाला सील आहे, त्यामुळे झाडायचं काम वाचतं. थोरलीला वर्गात साखरचोराची मुलगी म्हणतात. ती घरी येऊन काही बोलत नाही, पण चहात साखर घेणं तिने सोडलंय.

काल तारीख होती. तू आला नाहीस. तुझं शिलाईचं दुकान सांभाळायला माणूस नसेल, असं मी वाटेत स्वतःला समजावलं. धाडीत सापडलेली साखरेची गोणी म्हणजे नोंदीबाहेरचा साठा, गरिबांच्या तोंडचा घास काढला, असं सरकारी वकील तावातावाने सांगत होता. शिक्षा झाली तर तुरुंग आणि परवाना कायमचा रद्द. हे पहिल्या दिवसापासून एकच घोकतायत, "गोणी माझी." मीही रागाच्या भरात ह्यांना नाही नाही ते बोलले.

मग शिपायाने ती गोणी आणून टेबलावर ठेवली.

दादा, गोदामातून येणाऱ्या गोणीचं तोंड कसं शिवलेलं असतं, मला ठाऊक आहे. एक टोक ओढलं की सगळा दोरा सर्रकन निघून येतो. इन्स्पेक्टर म्हणाला, "हिचा दोरा निघेना, शेवटी ब्लेडने कोपरा कापावा लागला." मी पुढे सरकून पाहिलं. तोंडाची कड आत दुमडलेली. वर बारीक उलटी टीप, दुहेरी. शेवटचा टाका आत लपवलेला. आणि दोरा खाकी, तू पुरवठा खात्याच्या गणवेशाला वापरतोस तोच.

अरे, गोणी कोण अशी शिवतं? गोणी होती, कोटाचं अस्तर नव्हतं!

बाहेर व्हरांड्यात ह्यांना विचारलं. ह्यांनी मान खाली घातली. "तुझ्या माहेरचं नाव कोर्टात नको. त्यांचं गणवेशाचं काम जाईल." मग एकेक बाहेर आलं. लेकीच्या लग्नासाठी तू चढ्या भावाने बाहेरून साखर घेतलीस. तुझ्याकडे साहेब लोक मापं द्यायला येतात, म्हणून तोंड स्वतः शिवून गोणी आमच्या दुकानात टाकलीस. "दाजी, चार दिवस राहू दे." आणि धाड पडल्यावर वाचा बसली तुझी! त्याच लग्नात तू मला म्हणालास, "दाजींना जरा मागे बसव, माझी गिऱ्हाइकं यायची आहेत." आणि हे मुकाट्याने मागे जाऊन बसले. तुझ्या मुलीला आशीर्वाद द्यायला सगळी गर्दी पांगेपर्यंत थांबले.

संताप होतो, दादा. असा होतो की हातातलं भांडं आपटावंसं वाटतं. तुझी भीती मला कळते. खटला तुझ्यावर येईल, काम जाईल. पण तुझी भीती माझ्या नवऱ्याने का भोगायची? ते भिडेपोटी गप्प आहेत आणि तू त्या भिडेवर पोळी भाजून घेतोयस.

येत्या शुक्रवारी पुन्हा तारीख आहे. स्वतः ये आणि गोणी तुझी आहे म्हणून सांग. आला नाहीस तर वकिलाला सांगून साक्षीला मी उभी राहीन. हे नको म्हणतायत, पण मी ऐकणार नाही. मी जजसाहेबांना म्हणेन, माझ्या भावाला बोलवा, एक रिकामी गोणी द्या आणि हिचं तोंड शिव म्हणा. बाकी काही विचारू नका.

तू खोटं बोलशील, दादा. मला आता खात्री आहे. पण वाईट शिवणं तुला मेलास तरी जमायचं नाही.

शुक्रवारी ये. सुई घेऊन ये.

त्या दिवसापर्यंत तुझी,
धाकटी बहीण