मारकेपणाचा शेरा

आटपाडी, बुधवार, संध्याकाळ

घटना क्रमाने लिहितो. गेल्या आठवड्यात सोमवारी आमच्या पशुवैद्यकीय दवाखान्यातले माझे सहायक कदम शालनबाईंच्या ताप आलेल्या गाईला पाहून आले; नोंद फक्त तोंडावाटे दिलेल्या औषधाची. मंगळवारपासून गाय लाथा झाडू लागली. गुरुवारी कदमांनी शेरा लिहिला: ‘स्वभावाने मारकी, उपचार अनावश्यक.’ त्या शेऱ्यावर विसंबून शालनबाईंच्या दिरांनी गाईला येत्या बाजारी विकायचे ठरवले. घरात दूध देणारे दुसरे जनावर नाही.

आज मी स्वतः गेलो. गाय निवांत रवंथ करत होती. बाहेर कदमांची मोटारसायकल थांबली आणि रवंथही थांबला. शेपूट पायांत, अंग भिंतीला. उजव्या मांडीवर सुपारीएवढी, गरम गाठ. सुईचीच, असा माझा संशय. मग नोंद का नाही?

“सर, जनावर हाय, बुजतंयच,” कदम म्हणाले.

शालनबाईंनी शेणाचे हात पदराला पुसले. “आवं सायेब, मला बघून बुजत न्हाई. मी रानात हुते तवा काय टोचलं तिला? का तुमचा कागूद वाचून मारकी झाली?”

कदम हसले. तो थांबलेला रवंथ मात्र मला अजून दिसतो आहे. स्वभाव एका रात्रीत बदलत नाही, वेदना बदलवते. हे त्यांना शिकवले कोणी नाही?

आणि त्या शेऱ्याखाली माझी सही आहे. न तपासता केलेली.

शेरा उद्या सकाळीच रद्द करतो. सोबत कदमांना ही चिठ्ठी: कदम, त्या सोमवारी कोणते इंजेक्शन दिले, कोठे, आणि नोंद का टाळली? दुपारपर्यंत उत्तर द्यावे. तोंडी नको, लेखी.