पादी दचकणारं लेकरू

प्रिय अम्मा,

आज स्वयंपाकघरातली वरची फळी आवरायला काढली आणि अर्धवट सोडून हे पत्र लिहायला बसले. तुम्हाला जाऊन सतरा दिवस झाले. तेरावा झाला, पाहुणे गेले, घर पुन्हा आमच्या तिघांचं झालं. आणि फळीच्या अगदी मागे ते झाकण सापडलं. तेच, जॉर्ज टाउनच्या बाजारातून आणलेल्या तांदळाच्या डब्याचं, काठाला पोचा आलेलं. डबा केव्हाच मोडीत गेला, पण झाकण तुम्ही जपून ठेवलंत. आणि मला पत्ता लागू दिला नाहीत!

सहा वर्षं मी दोन गोष्टी पोटात ठेवल्या, अम्मा. एक हसण्यासारखी आहे. दुसरी नाही.

आधी हसण्यासारखी सांगते, म्हणजे तुम्ही पुढचं ऐकून घ्याल.

लग्न होऊन मी सांगलीहून अण्णा नगरला आले, तेव्हा मला वाटलं होतं, चला, सासर चेन्नईचं असलं तरी मराठी बोलणारं आहे, भाषेचा प्रश्न मिटला. कसला मिटतोय! तुमचं तंजावरचं मराठी मला पोथीतलं वाटायचं, आणि त्यात तमिळ असं मिसळलेलं की कुठला शब्द कुठला ते मला कळेपर्यंत तुम्ही वाक्य संपवून आंघोळीला गेलेल्या असायच्या. माझं मराठी तुम्हाला रेडिओवरच्या बातम्यांसारखं वाटायचं. 'बातम्या सांगूं नको गे, नीट बोल,' असं म्हणाला होतात ना एकदा?

दोन हजार तीन साली चारू झाली. चार किलोची पोर, खांदा अडकला, डॉक्टरांनी शिकस्त करून सोडवली. माझी आई आजारी, त्यामुळे बाळंतपण तुमच्याच गळ्यात पडलं. तुम्ही कधी हू की चू केलं नाहीत.

मी शाळेत जीवशास्त्र शिकवणारी. प्रतिक्षिप्त क्रियांचा धडा तर माझा हातखंडा. तव्याला बोट लागलं की हात आपोआप मागे येतो, मेंदूला विचारत बसत नाही, वगैरे वगैरे. घरात बाळ आल्यावर मला ज्ञान वाटायला किती हुरूप आला असेल! गालाला बोट लावलं की चारू तिकडे तोंड वळवायची. 'ही दूध शोधायची क्रिया जन्मजात असते, अम्मा.' 'भूक लागली म्हणून गे,' तुम्ही म्हणायच्या. तिला उभं धरून पाय पलंगाला टेकवले की टकाटक पावलं टाकायची. तीही आपोआपच होणारी गोष्ट, पण तुम्ही शेजारणीला सांगून आलात की नात आठव्या दिवशी चालायला लागली! झोपेत हसली की मी म्हणायचे सटवाई हसवते, तुम्ही म्हणायच्या स्वप्नात कोल्हा येतो. तिथं मात्र विज्ञान माझ्याकडेही नव्हतं.

आणि मग तो दिवस. तुम्ही चारूला पायांवर घेऊन न्हाऊ घालत होतात, हातातून तांब्या निसटला, ती दचकली. तुम्ही तिच्याकडे बघत राहिलात आणि मला म्हणालात, 'लेकरू पादी दचकतें गे.'

आता तुम्हीच सांगा, माझ्या सांगलीच्या कानांना काय ऐकू आलं असेल? अम्मा, आमच्याकडे 'पादणे' म्हणजे पोटातला वारा सोडणे. आवाजासकट! हे मी तुम्हाला हयातीत कधी सांगू शकले नाही. तुम्ही तोंडावर पदर घेऊन दोन दिवस माझ्याशी बोलला नसतात.

'अहो अम्मा, सगळीच बाळं तशी,' मी म्हटलं.

'सगळीं? पादी?'

'सगळी. माझ्या भावाचा मुलगा तर दिवसभर.'

'मग बरें होतें?'

'आपोआप. दोनतीन महिन्यांत. तोवर हिंग लावते ना मी.'

'हिंग?' तुम्ही चकितच झालात. पण सांगलीकडे दचकण्यावर हिंग लावत असतील, असं तुम्हाला वाटलं असणार, कारण तुम्ही निमूटपणे हिंग कालवून आणून दिलात!

आठ दिवस, अम्मा! आठ दिवस मी पोरीच्या बेंबीभोवती हिंग लावत होते. तुम्ही रोज विचारायच्या, 'अजून पादीच?' आणि मी ऐटीत सांगायचे, 'आज जरा कमी आहे.'

रघू मधे असता तर तिथल्या तिथे उलगडा झाला असता. पण तुमचा मुलगा पहाटे कंपनीच्या बसनं गुम्मिडिपूंडीला जाणार, मोबाइल कारखान्याच्या गेटवर जमा करणार, आणि घरी येईपर्यंत त्याच्यात बोलायचं त्राण उरणार नाही. दोन भाषांच्या मधे उभं राहायला घरात कोणी नव्हतंच.

रविवारी तुमचा धीर सुटला. रघू हॉलमध्ये पेपर वाचत होता. तुम्ही तांदळाच्या डब्याचं झाकण आणलंत आणि पाळण्याजवळ फरशीवर सोडून दिलंत. ठण्णकन् आवाज झाला. पोचा तेव्हाच आला. मी केवढ्यानं ओरडले तुमच्यावर! 'बाळाला मुद्दाम घाबरवताय? वेड लागलंय का तुम्हाला?' असं बोलले. आज आठवलं की जीभ हासडावीशी वाटते.

'ओरडूं नको. बघ,' तुम्ही म्हणालात, आणि झाकण पुन्हा सोडलंत.

चारूचा उजवा हात झटकन उघडला, बोटं पसरली, आणि हात पुन्हा छातीशी आला. डावा तसाच पडून होता. कोपर सरळ, तळवा मागे वळलेला.

'हा हात भितो. हा भीत नाहीं. पादी.'

'पादी म्हणजे अर्धं,' रघू म्हणाला. पेपर टाकून तो पाळण्याशी आला होता.

माझं तर पाणी पाणी झालं. वर्गभर पोरांना प्रतिक्षिप्त क्रिया शिकवणारी मी! आणि आठ दिवस त्याच हाताला धरून मी झबली घालत होते, ओढत होते. तुम्ही सातवी शिकलेल्या. पण तुम्ही लेकराकडे बघत होतात, आणि मी धड्याकडे.

सोमवारी डॉक्टरीणबाईंनी चारूचं डोकं तळहातावर उचललं आणि हलकेच जरासं खाली सोडलं. पुन्हा तेच, एकच हात उघडला. मग त्यांनी डाव्या तळव्यात बोट ठेवलं, आणि चारूनं ते गच्च पकडलं. 'पकड आहे,' त्या म्हणाल्या. 'मानेजवळच्या वरच्या नसा ताणल्या गेल्यात, खालच्या शाबूत आहेत. हात बहुतेक येईल. तीन महिन्यांत कोपर वाकलं पाहिजे. नाही वाकलं, तर मोठ्या हॉस्पिटलात दाखवू.' रघूनं मला सगळं मराठीत सांगितलं. हे दचकणं बाळ जन्मताना घेऊन येतं, दोन्ही हातांत सारखं असावं लागतं. चारपाच महिन्यांत ते आपोआप जातं, आणि मग हात बाळाच्या स्वतःच्या मर्जीनं पुढे येऊ लागतो. आठ दिवसांनी काही बिघडलं नाही, असंही त्या म्हणाल्या. पण ते खूप नंतर, मी रडत रडत विचारलं तेव्हा.

त्याआधी त्यांनी विचारलं होतं, 'कोणाच्या लक्षात आलं?'

एवढं तमिळ मला कळत होतं. मी तोंड उघडायच्या आत तुम्ही म्हणालात, 'सुनेच्या. शिकलेली आहे ती.'

आणि मी गप्प बसले.

ही ती दुसरी गोष्ट. का म्हणालात तसं? पोरीची आई डॉक्टरांसमोर खाली मान घालून बसू नये म्हणून? बरं, त्या दिवशी एक वेळ ठीक होतं. पण पुढे बारशाला, नातेवाइकांत, शाळेतल्या माझ्या मैत्रिणींसमोर तुम्ही तेच सांगत राहिलात, आणि मी ते मिरवत राहिले! 'हो ना, मला शंका आली म्हणून बरं,' असंसुद्धा एकदा म्हणाले, तुम्ही शेजारी कॉफी गाळत असताना. तुम्ही वळूनही पाहिलं नाहीत. एकदा तरी कान पिळायचा होतात, अम्मा.

पहिले काही दिवस हात पोटाशी हलका बांधून ठेवला, मग व्यायाम सुरू झाले. ते तुम्ही दिवसातून पाच वेळा केलेत, एकदाही न चुकवता. डाव्या तळव्यात बोट द्यायच्या, चकचकीत पेला डाव्या बाजूला ठेवून तिला तिकडे बघायला लावायच्या. आणि शुक्रवारच्या शुक्रवारी झाकण. मी पाळण्याशी, तुम्ही झाकणाशी. 'किती?' 'पादी.' पुढच्या शुक्रवारी, 'किती?' 'पादीच.' मग एकदा खांदा हलला आणि तुम्ही ओरडलात, 'मुक्काल!' पाऊण! तोवर मला तुमची मोजणी पाठ झाली होती.

तीन महिने पुरे व्हायला आठ दिवस उरले असताना झाकण पडलं, आणि चारूचे दोन्ही हात एकदम उघडले. दोन्ही! डावं कोपर वाकलं, हात छातीशी आला, आणि तिनं भोकाड पसरलं. 'मुळुसा भ्यालें! माझें लेकरू मुळुसा भ्यालें!' म्हणून तुम्ही नाचलात. पूर्ण भ्याली! पोर टाहो फोडतेय आणि आजी पेढे वाटतेय, असं घर शेजारणीनं पहिल्यांदाच पाहिलं असेल.

तुम्ही किती सोवळ्यातल्या, हे मला चांगलं ठाऊक आहे. मी एकदा वाटी डाव्या हातानं पुढे केली, तर घेतली नव्हतीत. पण चारूला लाडू द्यायचा तो तुम्ही डाव्याच हातात दिलात, रोज. तुमच्या जाऊबाईंनी नाक मुरडलं तेव्हा म्हणालात, 'देवानें तो हात उशीरां दिला. म्हणून त्यास आधीं.'

तर ऐका. तेराव्याला चारूनं तुमच्या फोटोला फूल वाहिलं, डाव्या हातानं. वाध्यार भटजी ओरडले, 'उजवा, उजवा!' सगळे नातेवाईक बघू लागले. चारू गोंधळली, म्हणाली, 'पाटी मला ह्याच हातात द्यायची.' मी 'आजी' म्हणायला शिकवलं, तरी तिच्या तोंडी तुम्ही पाटीच.

मी उठून उभी राहिले. म्हटलं, 'राहू दे. तो हात तिच्या पाटीनं ओळखला. मी नाही ओळखला, त्यांनी ओळखला. मी आठ दिवस हिंग लावत होते.' माझ्या मोडक्यातोडक्या तमिळमध्ये, सगळ्यांसमोर. रघू रडता रडता हसायला लागला. हिंग का, ते मी सांगितलं नाही. ते फक्त तुम्हाला, आत्ता.

वचन देते, अम्मा. ही गोष्ट यापुढे मी नेहमी अशीच सांगेन, तुमच्या नावानं. शाळेत तो धडा आला की आधी झाकणाची गोष्ट सांगेन, मग तव्याची. झाकण मी पुन्हा फळीवर ठेवलंय, पुढच्या बाजूला. आणि या घरात चारूच्या त्या हाताला कोणी 'नको' म्हणणार नाही.

आधी पादी होते, आता मुळुसा तुमचीच सून,

वैशाली