दादाचं पुस्तक, माझी सही

३ जानेवारी

आज दादानं मला पुन्हा भर सभेत उभं केलं!

वाशिमला त्याच्या नव्या पुस्तकाचं प्रकाशन होतं. बायकांचे कायदे, सोप्या मराठीत. हॉल गच्च. अंगणवाडीच्या ताया, बचत गटाच्या बाया, कॉलेजच्या मुली. स्टेजवर दादाची भाषा शुद्ध होते. मधेच म्हणाला, "दूर कशाला जायचं? माझ्या घरातच उदाहरण आहे. रूपा, उभी राहा." मी उभी राहिली. मग नेहमीचंच. नवऱ्यानं दुसरी आणली, हिला बाहेर काढलं, भाऊ मंगरूळला जाऊन घेऊन आला, हिच्यासाठी कोर्टात भांडला. टाळ्या.

खोटं काहीच नाही त्यात. तो आला नसता तर मी आज नसती. तरी टाळ्या वाजल्या की मान खाली जाते माझी. काहून ते कळत नाही.

पुस्तकाची प्रुफं मीच तपासली. पहिल्या पानावर आभारात नाव आहे — "भगिनी रूपा". घरी येऊन आईला दाखवलं. तिनं अक्षरावरून बोट फिरवलं. वर्षावहिनी चुलीकडूनच म्हणाली, "भात लावा ताई. भाषनानं पोट भरत नाई." दादाची बायको, पण दादाच्या पुस्तकाला तिनं कधी हात लावलेला मी पाहिला नाही. कशाचंच कौतुक नाही या बाईला.

९ जानेवारी

सातबाऱ्यावर नावं चढली. बाबा दिवाळीनंतर गेले, तेव्हापासून दादा तलाठ्याच्या मागे होता. पुंजाजीच्या खाली आता आम्ही तिघं — आई रुख्मिणी, दादा धम्मरत्न, आणि मी. दादानं कागद माझ्या हातात दिला. "पाह्य, कायद्यानं चालनारं घर हाये आपलं."

मी तो कागद चार वेळा वाचला. रेशनकार्डावर मी दादाच्या घरातली. मंगरूळला कशावरच नव्हती. इथं मात्र नुसती रूपा पुंजाजी! कोणाची बायको नाही, कोणाच्या घरातली नाही. बाबांची.

१८ जानेवारी

दादा मागच्या खोलीत आला. स्वतः चहा घेऊन! मी ब्लाउजला हुक लावत होती.

"रूपे, सोमवारी रिसोडले जावं लागन. हक्कसोड करून टाकू."

"कोनाचं?"

"तुह्यं. मायचं. आनखी कोनाचं?"

रस्त्याकडच्या वावराचे प्लॉट पाडायचे आहेत. दादाची निकिता पुण्याला शिकते, तिच्या पुढच्या शिक्षणाला पैसे लागतील. "पोरीच्या शिक्षनासाठीच मांगून राह्यलो," म्हणाला. "तुले इथं काय कमी हाये?"

काही कमी नाही. खोली आहे, मशीन आहे, ताट आहे. तरी तोंडातून निघून गेलं, "दादा, तुह्या पुस्तकात तं..."

तो हसला. मनापासून हसला. "येडी हायेस का? ते पुस्तक ज्यायचे भाऊ खराब आस्तात त्यायच्यासाठी."

१९ जानेवारी

दिवसभरात एकच ब्लाउज झालं. तेही उसवलं.

२० जानेवारी

ताप आहे म्हणून सांगितलं. गेली नाही. दादा म्हणाला, बरं, पुढच्या आठवड्यात. आई उशाशी येऊन बसली. तिला माहीत आहे ताप नाही ते. "भावाशी वाकडं घेऊन कुठी जाशीन पोरी?"

६ फेब्रुवारी

आज सांगून टाकलं. तो जेवत होता. "दादा, मी सही नाही करत."

भाकरीचा तुकडा हातात तसाच. मग पूर्ण जेवला, हात धुतला, गाडी काढून शाळेत शिकवायला गेला. शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं!

मला प्लॉटचे पैसे नकोत. त्याला धडा शिकवायचा नाही. त्या कागदावरून मला पुसू नये, एवढंच. हे त्याला कसं सांगू? मला स्वतःलाच ते आता लिहिताना सापडलं.

१३ फेब्रुवारी

माझ्या खोलीची लाइट तोडली. वायर जळाली म्हणे. मशीन दारात ओढून उजेड असेपर्यंत शिवते.

२१ फेब्रुवारी

वहिनीनं आज माझ्यासमोर ताट वाढलं नाही. सगळ्यांची वाढली, माझी जागा रिकामी. "तुमचं तुमी पाहा ताई. ह्यायनं सांगतलं." माझ्याकडं न बघता बोलली. मग चुलीतला विस्तव सारखा करत बसली, विझलेल्या चुलीतला!

किराण्यातून तांदूळ, डाळ आणली. खोलीत तीन विटा मांडल्या.

गटातल्या बायाही येईनात. एक कापड परत घेऊन गेली. "सर म्हनत होते, रूपाताईच्या डोक्यावर परिनाम झाला." गावात दादाचा शब्द म्हणजे शब्द. कोणाच्या मुलीला नांदवायचं, कोणाला सोडवून आणायचं, सगळे आमच्याच ओट्यावर येतात. तो खरंच मदत करतो. किती जणींना सोडवलं त्यानं! म्हणून तर माझं कोणाला खरं वाटणार नाही.

२ मार्च

आईनं अंगठा दिला.

काल दादा तिला रिसोडला घेऊन गेला. आज ती माझ्या दारात उभी राहून सांगत होती, बोटाची शाई पदराला पुसत. "देल्ला बाई मी. माह्या म्हातारपनी कोन पाह्यन? तू पाह्यशीन?" मी म्हटलं, पाहीन. ती म्हणाली, "तुलेच कोन पाह्यन!" आणि रडत निघून गेली.

मला राग आला नाही. तिचं म्हणणं चुकीचं कुठं आहे?

८ मार्च

महिला दिन. दादाला तीन ठिकाणी बोलावणं. इस्त्रीचा शर्ट, खिशाला पेन. माझं उदाहरण यावर्षी घरीच राहिलं.

१५ मार्च

डाव्या डोळ्यावर टाके आहेत. एका डोळ्यानं लिहिते आहे. पण आजच लिहिते, उद्या मलाच वाटेल की असं झालंच नाही.

दुपारी दादा कागद घेऊन खोलीत आला. आई बाजेवर, अंगणात. त्यानं पेन माझ्या बोटात घातलं आणि वरून मूठ आवळली. लहानपणी बाराखडी गिरवायला शिकवलं होतं तसं. "कर सही. कर." मी हात ओढला, कागद फाटला. मग त्यानं मारलं. आधी हातानं. मी अंगणात पळाली, तर कुंपणाची काठी उपसून आणली. पाठीवर, खांद्यावर. एक डाव्या भुवईवर बसली. मी बाजेच्या पायाशी पडली. आईचे पाय माझ्या तोंडासमोर होते. ते तिनं वर घेतले.

वहिनी दारात उभी होती. हाताला पीठ. हलली नाही. ओरडली नाही. बघत होती — कशी सांगू — कोरडी! दुसऱ्याच्या घरचं बघावं तशी.

मग काठी टाकून दादाच रडायला लागला. "पाह्य, काय करायले लावलं तू मले! बाबा आस्ते तं काय म्हटले आस्ते!"

दवाखान्यात मी एकटी गेली, ऑटोनं. पडली म्हणून सांगितलं. काहून सांगितलं तसं? प्रुफं तपासताना बायकांची हीच चूक मी तीनदा वाचली होती — खरं कारण सांगा, केसपेपरवर लिहून घ्या. मंगळवारी परत जाऊन डॉक्टरांना खरं सांगून लिहून घेणार आहे.

१९ मार्च

काल केसपेपर दुरुस्त करून घेतला. आज ठाण्यात गेली. हवालदारानं नाव विचारलं, मारणाऱ्याचं नाव विचारलं. पेन थांबलं त्याचं.

"धम्मरत्न सर? आवो, मांगल्या महिन्यात तेच तं आलते आमच्या इथं. बायायच्या कायद्यावर सांगाले." मागच्या कपाटाकडं बोट केलं. काचेआड दादाचं पुस्तक! आभाराच्या पानासकट.

तक्रार अदखलपात्र म्हणून लिहून घेतली, म्हणजे अटक नाही, तपास नाही. "बहीन-भावाचा मामला हाये. मिटवून घ्या ताई. मोठा मानूस हाये तो."

२४ मार्च

घर सोडलं. सोडलं म्हणजे परत आली तर खोलीला कुलूप. माझं मशीन आत. अंगणात पिशवीत साड्या. आईची बाज रिकामी, आत नेली असेल.

रिसोडला सुकेशनीकडं आहे. दहावीपर्यंत एका बाकावर होतो आम्ही. तिनं गरम पाणी काढून दिलं आणि म्हणाली, "पह्यले आंग धू."

२ एप्रिल

दादाच्याच पुस्तकात आहे — फक्त बायकोच नाही, एका घरात राहणारी बहीणही घरातल्या मारहाणीविरुद्ध अर्ज करू शकते. त्या ओळीतली वेलांटी मी दुरुस्त केली होती.

हा अर्ज घेणारी संरक्षण अधिकारी म्हणजे माझ्यापेक्षा लहान मुलगी. नीट ऐकून घेतलं. केसपेपर पाहिला. "कोणी पाहिलं?"

"आईनं. वहिनीनं."

तिनं पेन खाली ठेवलं. "त्या बोलतील?"

मी नाही म्हणून मान हलवली. ती म्हणाली, तरी करू आपण अर्ज. सरकारी खर्चानं वकील मिळेल.

१४ एप्रिल

जयंतीला पहिल्यांदाच मी गावात नाही. पांढरी साडी नेसली आणि सुकेशनीच्या घरीच वंदना घेतली. गावात आता दादाचं भाषण चालू असेल. बाबासाहेबांनी बायकांच्या हक्कासाठी मंत्रिपद सोडलं, हे सांगताना दरवर्षी त्याचा गळा भरून येतो. तेही खोटं नसतं. हेच मला सहन होत नाही — तेही खोटं नसतं!

३० मे

नोटीस गेली. नातेवाईकांचे फोन. सगळ्यांचं एकच. "ज्यानं वाचोलं त्यालेच कोर्टात खेचतं?" फोन बंद करून ठेवला.

११ जुलै

आईची साक्ष झाली.

दादानं तिला हाताला धरून आणली. नवी साडी. माझ्या वकीलबाईंनी विचारलं तेव्हा ती न्यायाधीशांकडं नाही, खाली फरशीकडं बघून बोलली. "पोरीचा पाय घसरला. बाजेच्या खुरावर पडली. मले एवढंच दिसलं. माह्ये डोये बरोबर नाईत."

बाहेर पडल्यावर दादा पार्किंगकडं गेला, तेवढ्यात ती माझ्याजवळ आली. फडक्यात बांधलेली भाकर आणि ठेचा माझ्या हातात कोंबला. "वाळली लय तू." बस. निघून गेली.

भाकर मी खाल्ली. एक एक घास रडत खाल्ला. पण खाल्ली.

८ ऑगस्ट

पुढच्या तारखेला वहिनी. दादाची साक्षीदार म्हणून. वकीलबाई म्हणाल्या, फार आशा ठेवू नका, तीही तेच बोलेल. दोघींनी पडली म्हटलं की आपलं अवघड आहे.

आशा कसली! मी त्या घरात परत आली तेव्हापासून ही बाई माझ्याशी कामापलीकडं एक शब्द बोलली नाही. मी हसली तर उठून जायची. दादा घरात असला की माझ्या खोलीकडं फिरकायचीही नाही. मला वाटायचं, नणंद डोक्यावर बसली म्हणून राग आहे. असेल. त्या दिवशी दारातली तिची ती नजर अजून डोळ्यांपुढून जात नाही. आई निदान रडली तरी.

सुकेशनी म्हणते, हरलो तर पुढं जाऊ. मी दमली आहे. सही करून टाकावी असं आज दोनदा मनात आलं.

२१ ऑगस्ट

वहिनीची साक्ष झाली.

दादाच्या वकिलानं विचारलं, "रूपाबाई पाय घसरून पडल्या, बरोबर?"

"पडली नाई. ह्यायनं मारलं."

दादा उभा राहिला. न्यायाधीशबाईंनी त्याला खाली बसवलं. मग वहिनीला विचारलं, इतके महिने गप्प का होतात? मारताना मधे का नाही पडलात?

वहिनीनं पदर खांद्यावरून बाजूला केला. दंडापासून मानेपर्यंत वळ — जुने, नवे. मग तिच्या त्याच कोरड्या आवाजात म्हणाली, "लगन झाल्यापासून हे माह्यं रोजचं हाये, बाई. त्या दिवशी माह्यावरचं ताईवर गेलं. मले बरं वाटलं. म्हून गप होती."