लेफ्टेरिसशिवायचा कट

१३ फेब्रुवारी २००६
लेफ्टेरिसला अभिनय येत नाही! दोन आठवडे त्याच्या सिनेमाचे रशेस, म्हणजे न कापलेलं चित्रीकरण, बघतेय, आज स्वतःशी कबूल केलं. लिहितो छान. कॅमेरा कुठे लावायचा हे त्याला नेमकं कळतं. आणि मग स्वतःच फ्रेममध्ये येतो — की सीनचा जीवच जातो.

गोष्ट साधी. लीड्समध्ये ड्रायक्लीनिंगचं दुकान चालवणारी ग्रीक बाई, आणि ग्रीसहून तिच्याकडे राहायला आलेला भाऊ. भाऊ म्हणजे हाच. आधीच्या दोन सिनेमांतही तेच — लेखक हा, दिग्दर्शक हा, नटही हाच. हौस म्हणायची की अहंकार, कोण जाणे. मला काय, मी एडिटर.

१४ फेब्रुवारी
जेवताना नवऱ्याला, पुष्करला सांगितलं. म्हणाला, "एडिटर आहेस ना तू? मग काप की!" त्याच्या क्रॉयडनच्या सॉफ्टवेअर ऑफिसात बग सापडला की काढून टाकतात.

२ मार्च
लेफ्टेरिस आठवडाभर अथेन्सला. इथे लंडनच्या एडिट रूममध्ये मी एकटीच. भावाचे सगळे सीन काढून पाहिले, सहज. आता भाऊ येतो-येतो म्हणतो आणि येतच नाही — तेही फोनवरच्या तिच्या बोलण्यातूनच कळतं. ती दुकानाच्या काचेतून रस्त्याकडे बघत राहते.

सिनेमा उभा राहिला! सेव्ह केलं. चहा केला.

९ मार्च
दाखवला. पूर्ण बघितला त्यानं.

"मी कुठे गेलो?"
"काढलं."
"सगळं?"
"सगळं."

उठून खिडकीशी गेला. खाली कॅमडेनची नेहमीची गर्दी. मग म्हणाला, "हा चांगला आहे, ऋजुता. माझ्यापेक्षा चांगला." हात मिळवला. कोट घातला, दारापर्यंत गेला, परत वळला. "एकसुद्धा नाही ठेवता येणार? तो इस्त्रीचा सीन?"

"एक ठेवला तर सगळेच ठेवावे लागतील."

मान डोलावली. प्रोफेशनल माणूस. मला वाटलं होतं, आरडाओरडा करेल.

१० मार्च
पिक्चर लॉक — आता कापाकापी बंद. भावाचं नाव श्रेयनामावलीतूनही काढलं.

२१ जुलै
फेस्टिव्हलमध्ये निवड! शिवाय इथल्या एका निर्मात्यानं त्याला पुढचा सिनेमा दिलाय. स्क्रिप्ट दुसऱ्याचं, नट ठरलेले, यानं फक्त दिग्दर्शन करायचं. दहा वर्षांत पहिल्यांदाच कुणीतरी स्वतःहून विचारलं म्हणे. मी फोनवर अभिनंदन केलं तर म्हणाला, "तुझ्यामुळे." मी फोन ठेवला.

२४ ऑक्टोबर
लंडनमधला पहिला शो. थेसालोनिकीहून त्याची आई आलीय — नवा निळा कोट, माझ्या शेजारची सीट. मोडक्या इंग्रजीत सांगत होती, "याला नट व्हायचं होतं. ड्रामा स्कूलनंतर सगळीकडे नकार. मग म्हणाला, आई, मीच लिहितो, मीच डायरेक्ट करतो — मग तरी मला घ्यावंच लागेल!" हसली. मीही हसले. "आधीचे दोन सिनेमे थिएटरात लागलेच नाहीत. आज पहिल्यांदा मोठ्या पडद्यावर बघणार त्याला."

त्यानं तिला सांगितलंच नव्हतं. दिवे मालवले. तिनं चष्मा पुसला आणि पुढे सरकून बसली.