गोळ्यातलं ओंगण

९ जुलै १९५७, मंगळवार. सेलू.
दुपारी जवाईबापू डॉक्टरीणबाईंची जीप घेऊन आले. (पुढं नुसतं ज.बा. लिहीन, वही संपत आली.) हिंगणीच्या दवाखान्यापासून इथवर गाडी हूं की चूं नाई. पण नाल्यात पुढची चाकं इंजनाले जोडली अन् स्टेअरिंग वळवलं का खालून टक् टक् टक्, अन् हाताले झटके. वर्ध्याच्या एका मिस्त्रीनं चाकाचं बेरिंग गेलं म्हणून सांगतलं, बदलूनबी देलं. आवाज जिथल्या तिथं. मंग घरचा मिस्त्री आठवला!

न पायताच सांगतलं, बेरिंग नोहे. बेरिंग घरघर करते, सरळ रस्त्यानंबी करते. हे फक्त वळणावर, अन् तेबी पुढची चाकं ओढाले लागली का. म्हंजे पुढच्या एक्सलचे जोड. फौजेच्या वर्कशॉपात चार वर्स जीपाच खोलल्या. माह्या कानाले फसवणारी गाडी अजून बनाची आहे.

ज.बा. म्हणे, "कितीक दिवस लागन भाऊ?" तोंड एवढंसं झालं होतं. मले समजते काऊन. माह्या बहिणीचे, काशीचे, दिवस भरत आले.

मागच्या पावसाळ्यात मायनं तिले बाळंतपणाले इकडं बोलावलं. नाल्यापलीकडं त्यायची टोली, दहा-पाच घरायची वस्ती; तिथून निंगाली, ज.बा. च बंडी हाकून राह्यले होते. नाल्यात चाक रुतलं. माही बहीण तिथंच, बंडीत, बाळंत झाली. लेकरू गेलं. डॉक्टरीणबाई ऐलतीरावर उभ्या होत्या, येता आलं नाई. त्यापायीच दिवाळीत त्यायनं ही फौजेतून निकाललेली जीप घेतली अन् ज.बा. ले ड्रायव्हर केलं. गाडी चालवणं मी शिकवलं. आता काशी म्हणते, मी तो नाला पोटुशी नाई ओलांडत दादा, बाईलेच इकडं आणजा. बाई येईन म्हणाल्या. पण नाला भरला असला का पुढची चाकं ओढल्याबिगर जीप पलीकडचा चढ चढत नाई. म्हंजे सगळं या दोन जोडांवर आलं.

१० जुलै, बुध.
स. बाजाराच्या पटांगणात तपासणी. ज.बा. गाडीत, पुढची चाकं जोडलेली, स्टेअरिंग पुरं काटून गोल गोल. मी बाजूनं कान लावून चिखलात चालून राह्यलो. किराणावाला ओरडला, "मिस्त्री, गाडीले प्रदक्षिणा घालून राह्यला काय?" म्हटलं, घरातले देव दसऱ्याले उतरवले, आता हिलेच घालतो.

डावीकडून मोठा आवाज, उजवीकडून बारीक. पुढची चाकं सोडवली, त्याच चकरा मारल्या, आवाज बंद. मंग जॅक लावला, गेर टाकून चाक हातानं मागंपुढं हलवलं. चार बोटं रिकामं फिरते, मंग कुठं पकडते. किंगपिन, म्हंजे चाक ज्यावर वळते तो खिळा, ठीक.

निकाल लागला. दोन्ही जोड गेले. पण नऊ महिन्यात? हेच जोड फौजेत वर्सोनवर्स चालताना पायले मी. काईतरी भानगड आहे. उद्या खोलतो.

११ जुलै, गुरु.
चाक, हब, मंग ब्रेकची थाळी. थाळी तारेनं बांधून बाजूले लटकवली, ब्रेकतेलाच्या नळीवर वजन नको. ज.बा. नं कंदिलासारखी नळी धरून ठेवली. एक्सल ओढला तसा जोडाभोवतीच्या लोखंडी गोळ्यातून जे निंगालं ते पाहून डोक्शात तिडीक गेली.

ग्रीस नाई. एरंडीच्या तेलात भिजवलेली अंबाडी, वरून जळक्या कडब्याची राख. ओंगण! बंडीच्या कण्याले देते ते. अंबाडीचे तंतू जोडातल्या छर्र्याभोवती आवळून बसले होते अन् राखेनं छर्रे घासून घासून चपटे केले. खाचेत नख अडकते.

"जवाईबापू, हे काय?"
"ओंगण."
"ते दिसते मले. घातलं कोणं?"
"मीच. दर शनवारी." वरून अभिमानानं!

जवायाले अबे-तुबे करता येत नाई, नाई तर आज काई खरं नव्हतं. "तुमच्या अकलेले दंडवत जवाईबापू," म्हटलं अन् पाना भिरकावला, टिनावर जाऊन आदळला. शेजारची कोंबडी ओरडत पळाली.

ज.बा. उठले, पाना उचलून आणला, पुसला, माह्या हातात देला. म्हणे, "गोळ्यातून काळं गळे भाऊ. मले वाटलं ओंगण कमी पडून राह्यलं. माह्या बापाची बंडी कधी गावातून बोंबलत गेली नाई. बोंबलती बंडी पायली का लोक मालकाच्या तोंडावर थुकतात. बाईची गाडी बोंबलू द्यू काय?"

पाना घेतला. उजवी बाजू खोलली. तिथंबी तेच.

१२ जुलै, शुक्र.
बाईंची चिठ्ठी. 'मिस्त्री, गाडीला काय झाले आणि कुणाच्या हलगर्जीपणाने, ते लिहून कळवा.' उत्तर देलं नाई. मागच्या कंपाउंडरले त्यायनं एका सुईपायी घरी पाठवलं. ज.बा. चं काम गेलं तर दुसरा ड्रायव्हर कुठून आणन? अन् त्या नाल्यातला एकेक गोटा ज.बा. ले ठाऊक. दुसरा माणूस गाडी बुडवन.

पण झाकाचं तरी कसं? गाडी बाईची, जीव लोकायचे.

माय रिकाम्या कोनाड्यापुढं उभी होती. मागच्या दसऱ्याले दीक्षा घेतली तवापासून तिथं काई नाई, पण हात जाते तिचा. म्हणे, "काशीसाठी नवस बोलाचा नाई म्हणता. मंग मी करू तरी काय?"
म्हटलं, "तू काई नको करू माय. मी गाडी नीट करतो."
"तेच कर मंग," म्हणे, अन् भाकरी टाकाले गेली.

१४ जुलै, रवि.
नागपूर. दोन्ही जुने एक्सल पोत्यात बांधून रेल्वेनं नेले. लोकायले वाटे, माणूस कापून नेऊन राह्यला. कबाडीत फौजेच्या मालाचा ढीग. दुकानदार म्हणे, "ले जाओ मिस्त्री, सब एक जैसे हैं." म्हटलं, सेठ, डावा लांब राहते, उजवा आखूड, मले नको शिकवू. सुतळीनं मोजले. दाते मोजले. अकरा जोड हातात घेऊन वाकवून पायले, नऊ ढिले. दोन असे निंगाले का अजून कागदात गुंडाळलेले, फौजेचं मेण तसंच. हसू आलं मले, एकटाच हसत होतो.

सोबत ग्रीस थोपवाले जाड फेल्टाचे, दाबलेल्या लोकरीचे, चार गोल, ग्रीसचा डबा. परत येताना पोतं मांडीवर घेऊन बसलो.

१५ जुलै, सोम.
आज लिहू का नको.

आणलेलं फेल्ट कापाचं होतं, त्याचं माप दिवाळीत घेतलं होतं, म्हणून मागली पानं चाळली. माप सापडलं. त्याच्याखाली माह्याच अक्षरात:

'बाईची जीप तपासली. इंजन फस्क्लास. दोन्ही गोळ्याचे फेल्ट फाटके, ग्रीस गळते. नवे आणून बसवाचे. ज.बा. ले ग्रीस भरणं शिकवाचं. पुढच्या खेपेले.'

पुढची खेप आलीच नाई. म्हंजे आली, तीनदा आली, मी चहा पाजून वापस पाठवली. गेर टाकणं शिकवलं, नाल्यातून काढणं शिकवलं, फुशारकी मारली. ग्रीस राह्यलं. ज.बा. नं गळताना पायलं, तर जे येत होतं ते केलं. मी तर काईच नाई केलं.

अन् पाना मी भिरकावला. शरम वाटते.

१६ जुलै, मंगळ.
ज.बा. ले पान वाचून दाखवलं. ऐकून घेतलं अन् म्हणे, "जाऊ द्या भाऊ. बाईले नका सांगू. तुमच्यावर इतकी गावं गाड्या सोडतात, नाव खराब हुईन. माह्या नावानं खपवा."
"अन् तुमचं काम?"
"बंडी आहे घरी."
जवाई नसते तर गळ्यात पडलो असतो. म्हटलं, हात धुवा, कामाले लागू.

१७ जुलै, बुध.
गोळे घासलेटनं तीनदा धुतले. अंबाडीचा शेवटचा तंतू चिमट्यानं काढला. नवा जोड बोटानं फिरवला, लोण्यासारखा. ग्रीस ज.बा. च्या हातून भरलं, अर्धा गोळा, जास्त नाई. ज.बा. म्हणे, "एवढंच? पोट भरलं नाई त्याचं." म्हटलं, जास्त भरलं का फेल्ट फाडून बाहेर निंगते. फेल्ट कसून बसवले. मंग जोडाची चकती, थाळी, हब, बेरिंग, चाक. डावीकडून उजवीकडं जाईस्तोवर दिवस गेला. पाठ मोडली पण काम पायण्यासारखं झालं.

१८ जुलै, गुरु.
पटांगणात चकरा. डावीकडं दहा, उजवीकडं दहा, पुढची चाकं जोडून. कान जमिनीले लावला असता, इतकं शांत. किराणावाला म्हणे, "पावली काय देवी?" म्हटलं, हो.

गाडी घेऊन मीच हिंगणीले गेलो, ज.बा. बाजूले. बाई व्हरांड्यात. पेशंट होते, सगळ्यायसमोरच विचारलं, "मिस्त्री, चिठ्ठीचं उत्तर नाही आलं. चूक कुणाची?"

वही नेली होती. दिवाळीचं पान उघडून त्यायच्या पुढं ठेवलं. म्हटलं, "पहिली माही. जवाईबापूनं ओंगण भरलं, पण मी शिकवलं असतं तर भरलं नसतं. काढाचं तर मले काढा."

त्यायनं वाचलं. चष्मा काढला, पुसला. म्हणाल्या, "कंपाउंडर गेला तो सुई उकळली नाही म्हणून नव्हे. उकळली म्हणून सांगितलं, म्हणून." मंग ज.बा. कडं वळून, "शनिवारी ग्रीस भराल ते मला दाखवून. आणि ते एरंडेल दवाखान्यात आणा, इथं लागतं."
पेशंट हसले. ज.बा. हसले. मीबी हसलो.

२३ जुलै, मंगळ.
झड लागली. तीन लॉऱ्या अन् एका ट्रॅक्टरचा मॅग्नेटो दुरुस्तीले. हिंगणीहून निरोप, नाला फुगला. माय म्हणे, मले तिकडं घेऊन चाल. उद्या निंगतो.

२७ जुलै, शनि. हिंगणी, नाल्याच्या काठी. पेन्सिलनं.
सकाळी पलीकडून टोलीच्या माणसानं पांढरं धोतर हलवलं. काशीच्या कळा सुरू झाल्या का तीच खूण ठरली होती.

पाणी गढूळ, मांडीभर. बाई रबरी जोडे घालून, पेटी मांडीवर. मी मागं चढाले गेलो तर बाई म्हणाल्या, "तुम्ही नाही मिस्त्री. चाकं बिघडली तर ओढायला कोण?" दोन बैल अन् दोरखंड घेऊन मी काठावर उभा. माह्या हातच्या कामाची खरी परीक्षा, अन् गाडीत मी नाई.

ज.बा. नं पुढची चाकं जोडली. माह्याकडं पायलं नाई, पाण्याकडं पायलं. मंग गोटे चुकवत, डावं, उजवं, पुन्हा डावं. मधात पाणी पायदानावर आलं तेव्हा मायनं माहा दंड असा दाबला का अजून दुखते. गाडी थांबली नाई. त्याच जागेवरून गेली, जिथं बंडी रुतली होती.

पलीकडचा चढ, उजवं वळण, पुरं स्टेअरिंग काटून. आवाज असता तर तिथंच आला असता. नाई आला. चिखल उडवत गाडी वर चढली, पळसात शिरली, दिसेनाशी झाली. माहे डोळे भरून आले, पाऊस होता, कोणाले समजलं नाई.

ठरलं ते असं: काशी अन् लेकरू दोघं बरे असले का ज.बा. वळणावर येऊन हॉर्न दोनदा वाजवन.

हे लिहून राह्यलो तोवर सूर्य कलला. बैलायले चारा टाकला. दोरखंड गुंडाळून ठेवला, लागणार नाई. माय छत्री धरून बसली आहे. आता विचारलं, "काई ऐकू येते काय रे?"
म्हटलं, "नाई माय. गाडी आवाज करत नाई, म्हंजे जोड पक्के आहेत."
"गाडीचं नाई इचारत मी," म्हणे.
कान तिकडंच लावून आहे.