कर्ता अज्ञात

३ ऑगस्ट १९८७, सोम.
कानबाईचं विसर्जन झालं. पिंप्राळ्यात आमच्या गल्लीतल्या बाया गात होत्या, धुळ्याच्या कॉलेजचे एक सर टेप धरून उभे. लोकगीतांचं पुस्तक काढताहेत. वहीत लिहिलं, "चाल पारंपरिक, कर्ता अज्ञात."
"अज्ञात कसला? आमच्या ह्यांनी केली, बोलपटासाठी. बायांनी शब्द तेवढे देवीचे घातले."
सर हसले. "आजी, असं सगळ्यांनाच वाटतं."
सात बोलपटांना संगीत दिलं ह्यांनी. पडद्यावर नाव यायचं तेव्हा लोक खुर्च्या शोधत असायचे. गेले तेव्हा पेपरात एक ओळ नाही. आता गल्लीतही अज्ञात.

७, शुक्र.
ह्यांच्या त्या गाण्याची ग्रामोफोनची तबकडी जुन्या साडीत गुंडाळून धुळ्याला नेली. एस.टी.त मांडीवरून खाली ठेवली नाही. सरांनी भिंग लावून ह्यांचं नाव वाचलं, मग ऐकली. चेहरा उतरला. बरं वाटलं!
"नाव छापू. यावर सही करा." कागदावर: चाल संपूर्ण यांचीच, आधी कुठेही म्हटली जात नव्हती.
म्हटलं, नणंदेला दाखवून करते.

८, शनि. भडगाव.
अक्काला, ह्यांच्या थोरल्या बहिणीला, कागद वाचून दाखवला. तांदूळ निवडता निवडता म्हणाली, "हाई चाल तं मायनी शे. ज्वारीना बिबडे थापता थापता म्हने. भाऊ जोडे बशीसन आयके."
"मग इतकी वर्षं बोलली का नाहीस?"
"माले कोन इचारस?"

११, मंगळ.
जिवंतपणी ह्यांचा इतका राग आला नव्हता. मला सांगायचे, अंघोळीत सुचली. तबकडी पहिल्यांदा घरी आली तेव्हा सासूबाई तोंडाला पदर लावून हसल्या. मला वाटलं, लेकाचं कौतुक.
अंतरा मात्र ह्यांचाच. ती वर चढणारी जागा महिनाभर पेटीवर घासत होते, मी शेजारी कणीक मळत होते. तेवढं शपथेवर सांगेन. तेवढंच.

१२, बुध.
पोस्टातून सरांना फोन. दोघांची नावं घाला म्हटलं.
"सासूबाईंचा पुरावा?"
"लेक आहे त्यांची. ती सांगते."
"नुसतं सांगणं पुरावा होत नाही, आजी. शुक्रवारी छपाईला जातंय. सही आली नाही तर अज्ञात."
"मग बायांचं ऐकून टेप भरत गल्लोगल्ली कशाला हिंडता?"
फोन त्यांनी ठेवला की मी, आठवत नाही.

१३, गुरु.
अक्का आली. उद्या दोघी धुळ्याला. म्हणते, मायसारखं गाऊन दाखवते, टेप करा म्हणावं. दात नाहीत, पण सूर आहे.
जेवताना विचारलं, "त्या सरनी नही आयकं तं? सही करशी?"
मी भाजी वाढली.
"नही करी तं भाऊनं नाव जाई वं."
कागद पिशवीत घातला. पेन घ्यायचं की नाही, ते सकाळी.