मुक्या फिल्मची कॉमेंटरी

बाबा, येत्या शनिवारी कॉव्हेंट्रीच्या लायब्ररीत तुमची कॅनॉलवरची फिल्म दाखवणार आहेत आणि मला भीती वाटतेय. इतकी वर्षं तुमच्यासारखीच जीपी, म्हणजे फॅमिली डॉक्टर म्हणून पेशंटना नको त्या बातम्या सांगितल्या, तेव्हासुद्धा माझं असं झालं नव्हतं.

फिल्म सोसायटीत दाखवत त्या पन्नासच्या दशकातल्या छोट्या फ्रेंच डॉक्युमेंटरींनी तुम्हाला पार वेड लावलं होतं. एखादी गल्ली, एखादा धक्का, आणि वर कुणीतरी शांतपणे बोलतंय, बस्स. त्यात गोष्ट माणसाची नसते, जागेची असते, असं तुम्ही जेवताना आईला समजावायचात, आणि ती म्हणायची, मग त्या जागेलाच आमटी वाढते. शेवटी तुम्ही सेकंडहँड, चावीचा कॅमेरा आणलात. चावी संपली की शॉट संपला. एका रविवारी मी कॅनॉलच्या काठावर उभी आहे, आठ वर्षांची, आणि कॅमेऱ्याकडे बघून हात हलवतेय. तुम्ही असे भडकलात की मी रडायलाच लागले. "तू यायच्या आधीपासून ही जागा इथे आहे," म्हणालात, "जरा तिलाही दिसू दे." पण तो शॉट तुम्ही कापला मात्र नाहीत.

फिल्म मुकी. आवाज तुमचा, दर दिवाळीला फ्रंट रूममध्ये प्रोजेक्टरशेजारी उभं राहून. त्या काठावरच्या कुठल्या घरांनी तुम्हाला खोली नाकारली, कुठल्या म्हातारीने चहा दिला, सगळं मराठीत, हसत हसत. आता तिथे फ्लॅट्स झालेत. लायब्ररीतल्या बाई मला म्हणतात, कॉमेंटरी तुम्हीच करा, तुम्हाला पाठच असेल. मला एकच वाक्य आठवतं, "हे पाणी कुठेच जात नाही." पुढे काय होतं, बाबा? रोज डीव्हीडी लावते, तेवढं वाक्य म्हणते आणि पुन्हा सुरुवातीला नेते. मी मनचं काहीतरी बोलेन, माझी मुलं तेच तुमचं समजतील, आणि तुमचं खरं बोलणं कायमचं पुसलं जाईल, हीच भीती आहे.

बाईंना मी सांगितलंय, तुम्ही कधी काही लिहून ठेवलं नाहीत. लिहिलं होतंत. तुम्ही गेल्यावर घर आवरताना जुन्या प्रिस्क्रिप्शन पॅडच्या पाठीवर तुमचं डॉक्टरी अक्षर दिसलं. मला लागेना. पेशंटचे कागद असतील, कुणाच्या हाती पडायला नकोत, म्हणून मीच एकेक करून श्रेडरमध्ये घातले. शेवटचं पान अर्धं आत गेलं, तेव्हा कुठे मला 'कॅनॉल' हा शब्द वाचता आला.